मराठी बोलणारं गाढव

माझा मुलगा रायपुरातच वाढला. त्याच्याशी मराठीत बोललं की उत्तर हिंदीत येतं. त्याच्यापुढे मी कधीच हात टेकले. पण पाच वर्षांच्या नातीनं तरी माझ्याशी मराठीत बोलावं, एवढी एकच इच्छा उरली होती, आणि तीही मला दाद देत नव्हती.

एकदा मोबाइलवर तिला एक जुनं स्पॅनिश कार्टून सापडलं. काळंपांढरं, सात-आठ मिनिटांचं. त्यात एक गरीब स्वभावाचं गाढव. पाठीवर मडकी लादलेली, तरी वाटेत मुंग्यांची रांग दिसली की थांबतं. कानात चिमणीनं घरटं केलं तर मान हलवत नाही. रेल्वेच्या सगळ्या नोकरीत इतका सज्जन सहकारी मला भेटला नाही.

स्पॅनिश आम्हा दोघांनाही ओ की ठो कळेना. मग मी आवाज बंद केला आणि गाढवाच्या तोंडी आमची नागपुरी घातली. रायपुरातल्या आमच्या शंकर नगरच्या फ्लॅटमध्ये रोज दुपारी गाढव बोलू लागलं, "काहून रडून राहिली, चिमणे? बस माह्या कानात." नात खुदुखुदु हसायची आणि म्हणायची, "दादाजी, फिर से."

एका दुपारी माझा डोळा लागला. तिनं एकटीनंच कार्टून लावलं, आवाजासकट. रडवेली होऊन मला उठवायला आली. "दादाजी, गधा बोलना भूल गया." मी काही म्हणायच्या आत मोबाइल तोंडाशी धरून ती त्याला शिकवायला बसली, "असं नाही बोलत. काहून रडून राहिली, म्हण. बस माह्या कानात, म्हण." एक शब्द चुकला नाही.

मला आनंद झाला, आणि खरं सांगतो, गाढवाचा हेवाही वाटला.

"मंग माह्यासंगं काहून नाही बोलत अशी?"

"आपको तो हिंदी आती है," ती म्हणाली. "उसको नहीं आती."

त्या दिवसापासून मला हिंदी येत नाही. फोन आला की मी जिन्यात जातो आणि दार ओढून घेतो. मुलगा म्हणतो, पापा सठिया गए. म्हणू दे.

काल दूधवाला आला तेव्हा घरात आम्ही दोघंच होतो. त्यानं विचारलं, मी गप्प. नात पुढे झाली.

"भैया, इनको हिंदी नहीं आती," तिनं त्याला सांगितलं. मग माझ्याकडे वळून, लहान मुलाला विचारावं तसं सावकाश विचारलं, "आबा, किती दूध पाहिजे तुले?"