कुकरमधली अखंड ज्योत

आमच्या घरचा नवरात्रातला अखंड दिवा मी एका लहान मुलांच्या पुस्तकामुळे विझवला. मी बेचाळीस वर्षांचा आहे आणि एका विमा कंपनीत आगीच्या नुकसानीचे दावे तपासतो. (म्हणजे आग कशी लागते ते मला कळतं. ती विझवायचा अनुभव नव्हता.)

अष्टमीचा दिवस होता. मौद्याला मामा अंगणात घसरून पडले, म्हणून आईला त्यांना बघायला जायचं होतं आणि गाडी चालवायला माझी बायको नीता तिच्यासोबत निघाली. घट बसले की दसऱ्यापर्यंत आई उंबरठा ओलांडत नाही. त्यामुळे निघण्याआधी तिनं मला देवघरासमोर पाटावर बसवलं आणि नवा चौकीदार नेमावा तशा सूचना दिल्या.

"हे पाह्य सुध्या, तेल अर्ध्याच्या खाली जाऊ द्यायचं नाही. काजळी आली का चिमट्यानं हळूच काढायची. अन् फुकायचं तर बिलकुल नाही. अठ्ठावीस वर्षं झाली या दिव्याले."

"आई, दिवाच तर बघायचा आहे. मी इथून हलणारसुद्धा नाही."

"मोबाईल दे."

"काहून?"

"तू पाहत बसशील. दे."

तिनं माझा मोबाईल स्वतःच्या पर्समध्ये टाकला, चेन ओढली आणि गाडीत बसली. रामदासपेठेतल्या आमच्या फ्लॅटमध्ये उरलो मी, दिवा, आणि माझी दहा वर्षांची मुलगी मुक्ता. मुक्ता लगेच खाली खेळायला पळाली.

जळत्या दिव्याकडे माणूस किती वेळ पाहू शकतो? मी प्रामाणिकपणे अकरा मिनिटं पाहिलं. मग हाताशी मुक्ताचं वाचनालयातून आणलेलं पुस्तक लागलं. कव्हर फाटलेलं, पानांना शेवेचं तेल लागलेलं. कुठल्याशा बर्फाळ मुलखात, दीडशे वर्षांपूर्वी दाट रानात झोपडी बांधून राहिलेल्या एका कुटुंबाची गोष्ट होती. आईवडील धान्य आणायला गेलेले, मागे बर्फानं वाट बंद झालेली. घरात तेरा वर्षांची ताई आणि तिचा छोटा भाऊ. चकमकीचा दगड नदीत पडलेला. म्हणजे चुलीतला विस्तव विझला की संपलं, दोघंही गोठून जाणार. ती पोरगी रात्र रात्र बसून झोपायची आणि दर घटकेला एक काटकी सरकवायची. मी तेराव्या वर्षी आईनं उठवल्याशिवाय शाळेलाही उठत नव्हतो. खरं सांगतो, माझ्या अंगावर काटा आला.

नवव्या प्रकरणात वादळानं दार उघडलं, बर्फ थेट चुलीत आला आणि राखेत उरला एकच निखारा, हरभऱ्याएवढा. पोरगी गुडघ्यांवर बसली. ओणवी झाली. मीही पाटावर ओणवा झालो. तिनं ओठ जवळ नेले. मी पण नेले. "फुंकर घाल, घाल ना," असं मी मोठ्यानं म्हणालो, आणि तिनं घातली त्याच क्षणी मीही घातली!

तिचा निखारा पेटला. माझ्यासमोर धुराची एक बारीक रेघ वर गेली.

तेवढ्यात पाणी प्यायला मुक्ता आली. "बाबा, वास कशाचा येऊन राहिला?" असं म्हणून तिनं आधी देवघराकडे, मग माझ्या हातातल्या पुस्तकाकडे पाहिलं. "नववा धडा?"

मी मान डोलावली. माझा हात काडेपेटीकडे गेला होता. कोणाला कळणार होतं? पण मुक्तानं काडेपेटी उचलून फ्रॉकमागे लपवली.

"ते चीटिंग आहे. आजी म्हणते अखंड म्हणजे एकाच आगीतून आलेली आग. पुस्तकात दहाव्या धड्यात ती ताई काय करते माहीत आहे? शेजाऱ्यांच्या चुलीतून निखारा आणते. लोखंडी भांड्यात. बर्फातून चालत. म्हणजे आग मरत नाही."

"आपले शेजारी दसऱ्यापर्यंत इंदूरला गेलेत."

"सदरला राहणाऱ्या मावशीआजीकडे पण अखंड दिवा आहे."

मावशीआजी म्हणजे माझी मालती मावशी, आईची धाकटी बहीण. तिच्याकडेही घट बसतात. (घट बसलेलं घर रिकामं सोडू नये, असाही नियम आहे. तो आम्ही कुलूप लावून मोडला.) आई संध्याकाळी दिवेलागणीला परतणार होती आणि घड्याळात अडीच वाजले होते. अठ्ठावीस वर्षं जपलेली गोष्ट माझ्या एका फुंकरीनं गेली, हे तिला सांगायची माझ्यात हिंमत नव्हती. मी स्कूटर काढली.

मावशीनं सगळं ऐकून घेतलं. तिचा चेहरा जरा विचित्र झाला. "आईले सांगू नको," मी विनवलं. लोखंडी भांडं तिच्याकडे नव्हतं. मग तिनं पाच लिटरचा कुकर काढला, तळाशी मूठभर गहू पसरले, त्यावर तेलानं भरलेली मोठी पणती ठेवली आणि आपल्या दिव्यावर वात धरून ती पेटवली. मी झाकण लावलं. ज्योत लगेच मान टाकू लागली. "बाबा, तिला श्वास लागतो," मुक्ता म्हणाली. झाकण मावशीकडेच राहिलं.

स्कूटरवर पहिल्याच वाऱ्यात ज्योतीचा मोहरीएवढा ठिपका झाला. स्कूटर परत मावशीच्या अंगणात. मग ऑटो थांबवला. ऑटोवाल्यानं कुकरमध्ये डोकावून पाहिलं आणि गाडी दोन फूट मागे घेतली.

"भाऊ, गॅसची गाडी हाये माही. दिवा घेऊन बसता? माह्या घरी बी लेकरं हायेत."

म्हणून आम्ही चालत निघालो. ऑक्टोबरच्या उन्हात, दोन्ही हातांनी छातीशी धरलेला कुकर, बाजूला वारा अडवायला फ्रॉकचा घेर पसरून चालणारी मुक्ता. अर्धा किलोमीटर गेलो नसू, तर एका म्हाताऱ्यानं सायकल थांबवली, कुकरमध्ये पाहिलं आणि डोळे भरून हात जोडले.

"जोत आहे काय? कोठून आणली? माहूरवरून?"

नवरात्रात पोरं लांबच्या देवीच्या ठाण्यावरून पळत ज्योत आणतात, हे माझ्या तेव्हा लक्षात आलं. मी नाही म्हणायला तोंड उघडलं, पण त्याची नजर माझ्या पायांवर गेली होती.

"अन् चप्पल घालून गा?"

त्या आवाजापुढे मी चपला काढल्या. त्या मुक्तानं हातात घेतल्या. डांबर असं तापलं होतं की मी पुढचा रस्ता पावलांच्या कडांवर चाललो. लोकांना ती भक्ती वाटत होती. एका मंडळाच्या बायांनी माझ्या पायांवर पाणी घातलं. त्या पाण्यानं इतकं बरं वाटलं, की त्यांनी कुकरला हळदकुंकू लावलं तेव्हा मी काहीच बोललो नाही. पुढे पणतीतलं तेल तळाला गेलं, तर एका आलुबोंडेवाल्यानं कढई सोडून नवी पिशवी फोडली. "जोतीले वापरलेलं तेल नाही चालत," म्हणाला आणि चमच्यानं थेंब थेंब ओतलं. माझ्याकडे त्यानं पाहिलंही नाही. तो ज्योतीकडेच पाहत होता.

बर्डीच्या गजबजलेल्या बाजारचौकात तर ट्रॅफिकच्या हवालदारानं हात वर करून चारही बाजू थांबवल्या. बर्डीवर हॉर्न वाजत नाहीत, हे मी जन्मात पहिल्यांदा अनुभवलं. नखाएवढी ज्योत, तीही कुकरमध्ये, आणि तिच्यासाठी एवढं मोठं गाव क्षणभर उभं राहिलं. माझ्या डोळ्यांतलं पाणी नाकावरून ओघळायला लागलं. त्या रानातल्या पोरीसाठी तर असं थांबणारंही कोणी नव्हतं. "बाबा, रडू नको," मुक्ता हळूच म्हणाली, "पणतीत पडेल."

साडेपाचला आम्ही घरी पोचलो. कुकरमधल्या ज्योतीवर मी आमची वात पेटवली. पाऊण तासानं आई आणि नीता आल्या. आईनं दिवा पाहिला, हात जोडले आणि वळून माझ्या पायांकडे पाहिलं. फोड टरारून आले होते.

"हे काय झालं गा?"

मी खोटं बोलणार होतो, पण मुक्ता शेजारीच उभी होती. सगळं सांगून टाकलं. आईनं एकदा दिव्याकडे पाहिलं. मग पाटावर टेकली.

"अठ्ठावीस वर्षांत तीनदा विझला हा दिवा. एकदा तर तुह्याच लग्नाच्या वर्षी. दर बारीनं मी काडी ओढली, देवीची माफी मागतली अन् कोणाले सांगतलं नाही."

मी तिच्याकडे पाहतच राहिलो. एवढी वर्षं ही बाई ते एकटीनं मनात ठेवून होती.

"तू मात्र सदरवरून अनवाणी आणला," ती म्हणाली, आणि बेचाळीस वर्षांत पहिल्यांदा आईनं माझ्याकडे कौतुकानं पाहिलं. मला वाटलं, रानातल्या त्या झोपडीत मीही टिकलो असतो.

तेवढ्यात आईच्या पर्समध्ये माझा मोबाईल वाजला. आई कोणाचाही फोन स्पीकरवरच घेते.

"सुध्या, ऐक गा," मालती मावशीचा आवाज घरभर घुमला. "मले दुपारपासून चैन नाही. आमचा दिवा आज सकाळीच विझला होता. मी गॅसच्या लायटरनं लावला. तू एवढ्या भक्तीनं आला, तर मले सांगवलंच नाही. ताईले मात्र सांगू नको."

"नाही सांगत," आई म्हणाली आणि तिनं फोन ठेवला.

मी लंगडत स्वयंपाकघरात गेलो आणि पाय शेकायला पाणी तापवावं म्हणून लायटर उचलला. तो नीतानं माझ्या हातातून काढून घेतला. त्या दिवसापासून आमच्या घरी विस्तवाचं कुठलंही काम मी सोडून सगळे करतात. ऑफिसात हे अजून कोणाला कळलेलं नाही. तिथे आगीचं टेबल माझ्याकडेच आहे.