सुटलेलं वाक्य

अख्ख्या डोंबिवलीत दुसऱ्याचं वाक्य त्याच्या आधी म्हणणारा माणूस एकच, माझ्या नणंदेचे यजमान. वागळे इस्टेटमधल्या कारखान्यात लेथ चालवता चालवता तीस वर्षं कामगारांच्या नाटकांत विंगेतून प्रॉम्प्टिंग केलं, आणि निवृत्त होताना ती विंग बरोबर घरी घेऊन आले. लग्नात नवरी नाव घेताना अडली, की खांबाआडून हे कुजबुजणार. भटजींनी श्वास घेतला तरी पुढचं मंगलाष्टक यांच्या तोंडी तयार! मी भाजीवाल्याला "ती ही द्या हो..." म्हटलं, की मागून आवाज, "शेपू." मला हवी असायची मेथी, पण इतक्या ठामपणे सांगितल्यावर काय बोलणार? त्या दिवशी आमच्याकडे शेपूच व्हायची.

आता काही वर्षं ते तुरुंगात नाटक बसवायला जातात. पहिल्याच दिवशी म्हणाले, "एकही वाक्य सुटता कामा नये." त्यावर एक कैदी म्हणाला, "काका, निदान वाक्यं तरी सुटू द्या की!"

यंदाच्या नाटकात घर सोडून गेलेला मुलगा परत येतो. ते काम करणारा कैदी ठाण्याजवळच्या बाळकुमचा, आगरी. त्याची आई सहा वर्षांत एकदाही भेटायला आली नव्हती. नाटकाला तरी येईल का, एवढंच त्याला हवं होतं. भावोजी मला घेऊन तिच्याकडे गेले. "मला पोरगा नाय," म्हणून तिनं दार लावून घेतलं. तर हे बंद दाराला तोंड लावून, "म्हणा, येईन... म्हणा, येईन..." मी तर लाजून अर्धी झाले.

प्रयोगाला नातेवाइकांना परवानगी होती. पडदा उघडेपर्यंत तिची खुर्ची रिकामीच. मग अंधारात मागे कुणीतरी येऊन बसलं. वळून बघायचा मला धीर होईना.

मुलानं पुठ्ठ्याचं दार वाजवलं. "आई, मी आलोय." माझी नऊवारी नेसलेल्या, दाढी घोटलेल्या आईनं विचारायचं होतं, "कोण आहे?" पण त्या आई झालेल्या कैद्याचा पाय निऱ्यांत अडकला आणि तो वाक्यच विसरला. मी विंगेकडे पाहिलं. भावोजींची नजर माझ्या मागे, तोंड उघडलेलं, आणि त्यावर त्यांनी स्वतःचाच हात दाबून धरलेला.

तेवढ्यात मागून आवाज आला, "अरं, ये ना घरान! दारान उभा कशाला?"

हशा झाला, टाळ्याही झाल्या. तो मात्र पुठ्ठ्याच्या दाराला कपाळ टेकून रडत होता. माझ्या छातीवरचा दगडच उतरला, बाई.

रिक्षात बसल्यावर भावोजी म्हणाले, "वहिनी, इतक्या वर्षांत पहिल्यांदाच वाक्य सुटू दिलं."

ती माउली आता मुलाच्या प्रत्येक भेटीला जाते. भावोजीही बदललेत. परवा भाजीवाल्यासमोर मी "ती ही..." म्हणून अडले, तर ते शांतपणे उभे. मला मेथी मिळाली. घरी येऊन निवडायला बसले, आणि का कोण जाणे, शेपूचीच आठवण येत राहिली.