घागर न सोडणारे मासे

कल्याणहून मुरबाडला जाणाऱ्या सर्व्हिस मोटारीत माझ्या मांडीवर पत्र्याचा एक मोठा डबा होता. त्या डब्यावरून कंडक्टरशी माझं निघताक्षणीच वाजलं. पाण्याचा डबा असेल तर टपावर ठेवा, असं तो म्हणाला. डबा आत्ता रिकामा आहे, पाणी परतताना असेल, असं मी सांगितलं. "म्हंजे परतताना पण भांडनार का?" असं म्हणून त्याने माझ्या पायावर एक तांदळाचं पोतं ठेवलं आणि विषय संपवला.

दुसरी मोठी लढाई सुरू व्हायच्या आधीचा तो उन्हाळा. मी ठाण्याच्या एका शाळेत शास्त्र शिकवत होतो. सुट्टी लागली की लोक महाबळेश्वरला जातात, मी मुरबाडला निघालो होतो. कारण एका माशाचं होतं. बोटभर लांबीचा, हनुवटीखाली गोल चकती असलेला आणि त्या चकतीने दगडाला चिकटून राहणारा हा मासा. आपल्याकडे त्याला मळ्या म्हणतात. दिवाळीच्या सुट्टीत सिद्धगडाच्या बाजूला भटकताना मला तो दोन ठिकाणी सापडला होता. खालच्या नदीतला पिवळट, त्याची चकती लहान. धबधब्याच्या वर, कोंडात (डोहात) सापडलेला काळा, आणि त्याची चकती जवळजवळ दुप्पट रुंद. मधला कडा असा सरळ, की कुठलाही मासा तो चढून जाणं शक्य नाही. मग माझ्या मनाने घेतलं. हजारो वर्षांपूर्वी हे दोघे भाऊ वेगळे पडले असतील, वरच्याची पिढी वरच वाढली, खालच्याची खाली, आणि आता त्यांच्या दोन जाती झाल्या असतील. जाती अशाच तर होतात. एक कुटुंब डोंगराच्या दोन अंगांना वाटलं जातं, पुढे येणं-जाणं तुटतं, आणि शेवटी एकमेकांशी सोयरीक उरत नाही.

मुंबईच्या एका प्राध्यापकांना मी स्पिरिटमधले मासे दाखवले. त्यांनी बाटली उलटसुलट केली आणि परत दिली. "मेलेल्या माशांवर माझा विश्वास नाही. वरची एक जोडी जिवंत आणा. खालच्यांबरोबर टाकीत ठेवू. पिल्लं झाली तर जात एक, नाही झाली तर दोन," ते म्हणाले. पावसाळ्यात त्या कड्याकडे फिरकता येत नाही. म्हणजे ही उन्हाळ्याची सुट्टी गेली की वर्ष गेलं.

मुरबाडला उतरलो तेव्हा ऊन मी म्हणत होतं. बाजारातल्या खानावळीत तांदळाची भाकरी आणि सुकट मिळाली, इतकी तिखट की डोळ्यांतून पाणी काढत जेवलो. पुढे बैलगाडी, आणि गाडीवाट संपल्यावर पाय. वाटेत उजव्या बुटाचा तळ सुटला. तो सुतळीने बांधून लंगडत लंगडत दिवेलागणीला पाड्यावर पोचलो. दिवाळीत ज्यांच्या पडवीत राहिलो होतो त्याच घरी गेलो. घरात तिघंच जण. लक्ष्मण, त्याची आई ठमाबाई आणि बायको चांगुणा. दिवाळीत हे घर हसतं होतं. या वेळी मात्र ठमाबाईंनी पाणी दिलं आणि लगेच आत गेल्या. चांगुणा बाहेर आलीच नाही. आपण नको त्या वेळी आलो, हे मला लगेच कळलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी लक्ष्मण मला वर घेऊन गेला. करवंदांच्या जाळ्या, मग हिरड्यांचं रान, मग नुसता खडक. धबधबा सुकून कड्यावर ओला पट्टा तेवढा राहिला होता. वर कोंडात पाणी कंबरभर, त्याच्या काठावर शेंदूर लावलेला दगड. लक्ष्मणने पायातल्या वहाणा काढून हात जोडले आणि मला म्हणाला, "थोडंच घ्या हां मास्तर. देवीचं हाय."

मासे धरताना माझी हबेलंडी उडाली. काळे मळ्ये दगडाला असे चिकटत की नखाने सोडवावे लागत, आणि सोडवताना बरेच दुखावत. उन्हात डब्यातलं पाणी तापलं, आणि एकामागून एक मासे उलटे होऊ लागले. मी पाणी बदलत होतो, डब्यावर ओला पंचा टाकत होतो, स्वतःवर चिडत होतो. शेवटी एक जोडीच जिवंत राहिली. पण ती टणक होती. डब्याच्या पत्र्याला चिकटून बसली ती हलेना. मला हवी तशी जोडी! मी आनंदाने लक्ष्मणच्या पाठीवर थाप मारली.

तो हसला नाही. कोंडाकडे बघत बसला होता. "उद्या चांगुणाला हितं यायचं हाय," तो म्हणाला. "ओटी भरायला."

"कोणाची ओटी?"

"कोंडाची." मग त्याने मला ते सगळं सांगितलं. मी ते जवळजवळ त्याच्याच शब्दांत देतो. "आमच्याकडं बाई पोटुशी (गरोदर) रायली का खालच्या नदीतनं मळ्ये धरते, घागरीत घालून वर आनते. हितं देवीम्होरं घागर उलटी करायची. जे मासे पडले ते आपले, कालवनाला. जे घागरीला धरून रायले ते देवीचे. ते कोंडात सोडायचे. मासा रायला म्हंजे पोर पोटात रायलं. लय जुनं हाय हे. माझी आजी, तिची आजी, सगळ्यांनी केलंय."

"आणि एकही राहिला नाही तर?"

"चांगुणाचं दोनदा झालं तसं," तो म्हणाला. "दोनी टायमाला घागर रिकामी. दोनी टायमाला पोर गेलं. आता आईनं डोळखांबला पोरगी बघून ठेवलीय. उद्या घागर रिकामी झाली तर आई दुसरं लगीन लावनार माझं."

"आणि तू लावून घेणार?"

त्याने खाली बघितलं. मला त्याचा संताप आला, आणि तो मी गिळला, कारण त्याचे डोळे भरले होते.

मग दुसरीच गोष्ट डोक्यात शिरली आणि मी खडकावर बसलोच. कोंडातले मासे हजारो वर्षं एकटे पडलेले नव्हतेच! पिढ्यानपिढ्या बायका त्यांना खालून आणत होत्या. आणि सरसकट सगळे नाहीत, तर फक्त घागर न सोडणारे. ज्यांची चकती जरा रुंद, पकड जरा घट्ट, तेवढेच कोंडात जात होते. त्यांची पिल्लं त्यांच्यासारखी. पावसात कोंडाला लोंढा आला की त्या पिल्लांतही जे धरून राहतील तेच उरत, बाकीचे कड्यावरून खाली. काळ्या खडकावर काळा तेवढा खंड्या पक्ष्याच्या नजरेतून सुटत असणार. मी ज्याला दोन भावांची ताटातूट समजत होतो, ती या पाड्यावरच्या बायकांनी घडवलेली जात होती, आणि त्यांच्या मनात जात घडवण्याचा विचारही नव्हता. माझा सिद्धांत पार कोसळला होता, तरी मला हसू आलं. पण लक्ष्मणचं तोंड बघून ते ओठांतच विरलं.

तिसऱ्या दिवशी उजाडता उजाडता आम्ही नदीवर गेलो. या कामाचे नियम कडक. मासे पोटुशी बाईनेच धरायचे, दुसऱ्या कुणाचा हात माशांना किंवा घागरीला लागायचा नाही. सासूने नारळ आणि दिवा घेऊन पुढे चालायचं, कोंड येईपर्यंत मागे वळून बघायचं नाही. घरातल्या पुरुषाने खालीच थांबायचं. परका पुरुष चालतो. म्हणून मी डबा घेऊन मागून निघालो, कारण माझी वाटही वरून पलीकडे उतरणारी होती.

चांगुणा नदीत गुडघाभर पाण्यात वाकून दगडाखाली हात घालत होती. मासे बरेच मिळाले. मातीची घागर अर्धी भरली, तिने ती डोक्यावर घेतली. तिसऱ्या महिन्यातली बाई, डोक्यावर पाणी, आणि पुढे तो चढ. मी सारखा तिच्या पायांकडे बघत होतो. एकदा तिची टाच खड्यावरून घसरली, आणि घागर धरायला माझा हात आपोआप पुढे गेला. "नको!" ती ओरडली. घागर तिनेच सावरली. पुढे ठमाबाई थबकल्या. त्यांची पाठ ताठ झाली, पण मान वळली नाही. मग त्या पुन्हा चालू लागल्या.

हिरड्यांच्या रानात चढ अर्धा झाला तेव्हा चांगुणा थांबली. ठमाबाई वळणापलीकडे गेल्या होत्या. तिने घागर खाली ठेवली, आत बघितलं आणि तिचा चेहराच उतरला. मीही वाकून बघितलं. मासे ढिले पडले होते. पिवळे, अरुंद चकतीचे. पाणी गरम झालं होतं. हे मासे घागर धरणार नाहीत, हे मला डोळ्यांना दिसत होतं, आणि तिलाही. शेवटी तिसऱ्यांदा बघत होती ती.

"भाऊ," ती हळूच म्हणाली, "तुमच्या डब्यात काल कोंडातले घेतलेत ना?"

मी हो म्हटलं.

"ते धरून राहतात?"

"पत्र्यालाही धरून राहतात."

ती माझ्या डब्याकडे बघत राहिली. मला ती जोडी सोडवत नव्हती, हे मी लपवत नाही. सहा महिने वाट बघून मिळालेली, प्राध्यापकांच्या तोंडावर मारायची जोडी होती ती! पुढच्या उन्हाळ्यात मी असेन, कोंड असेल, मासे असतील. पण पुढच्या उन्हाळ्यात ही बाई या घरात असेल की नाही, ते आज ठरणार होतं. मी म्हटलं, "पण माझा हात लागता कामा नये ना?"

"हात माझाच लावते. तुमी निस्ता डबा खाली ठेवा."

मी डबा खाली ठेवला. तिने पंचा बाजूला केला, आत हात घातला, आणि दोन्ही मासे पत्र्यावरून सोडवून घागरीत सोडले. घागर उचलताना तिने ओठ घट्ट मिटले होते. उरलेला चढ ती अशी चढली की मला गाठायला धावावं लागलं. बुटाची सुतळी सुटली, बूट हातात घेऊन मी अनवाणी वर गेलो.

ठमाबाईंनी नारळ फोडला, दिवा लावला. मग कोंडाच्या काठावरल्या सपाट खडकावर चांगुणाने घागर उलटी केली. पाणी सांडलं. मासे पटापट पडले आणि खडकावर तडफडू लागले. पिवळे, पिवळे, आणखी पिवळे. काळा एकही दिसेना. पण माझा जीव टांगणीलाच. घागर मातीची, माझा डबा पत्र्याचा, कुणी सांगावं? ठमाबाईंनी घागरीवर तीनदा थाप मारली. आणखी एक पिवळा पडला. मग काहीच पडलं नाही.

ठमाबाईंनी डोळे मिटले. "बघ गो," त्या म्हणाल्या. मला तेव्हा कळलं की ही म्हातारीही भीत होती.

चांगुणाने घागर सरळ करून आत हात घातला. एक काळा मासा निघाला. तिने तो कोंडात सोडला. मग दुसरा. तोही सोडला. ठमाबाईंनी देवीच्या दगडाशी डोकं टेकलं. मी सुस्कारा टाकला आणि बूट बांधायला लागलो.

"आत्या," चांगुणा सासूला म्हणाली, "अजून हाय."

तिने हात बाहेर काढला. बोटांत मासा होता, पिवळा. खालच्या नदीतला, तापलेल्या पाण्यातून अख्खा चढ चढून आलेला. तिने माझ्याकडे बघितलं. तो माझ्या डब्यातला नव्हता, हे आम्हा दोघांनाच ठाऊक होतं. तिला एकदम रडू फुटलं. मासा हातात तसाच धरून ती रडत राहिली, आणि ठमाबाई म्हणाल्या, "सोड गो त्याला पान्यात, मरंल त्यो."

कड्याच्या कडेवर येऊन ठमाबाईंनी खाली थांबलेल्या लेकाला हाक घातली. "लक्षुमना! डोळखांबला निरोप धाड. सोयरीक नाय करायची म्हनावं!" मी पलीकडच्या वाटेने उतरलो.

रिकामा डबा घेऊन मोटारीत बसलो. कंडक्टर तोच. या खेपेला त्याला भांडायला काही मिळालं नाही. ठाण्याला परतल्यावर मी प्राध्यापकांना सगळं सांगितलं. ते म्हणाले, "म्हणजे तुमचे दोन मासे फुकट गेले. तिसरा तर आपला आपण राहिलाच होता. तो एकटाही पुरला असता." माशाने गर्भ टिकतो यावर माझा काडीचा विश्वास नाही, आणि शास्त्राच्या हिशेबाने त्यांचं म्हणणं बरोबर आहे. खालच्या पिवळ्यांतच क्वचित एखादा घट्ट पकडीचा निघतो. असाच कुणीतरी पहिल्यांदा त्या कोंडात गेला असणार, आणि काळ्यांचं सगळं घराणं त्याच्यापासून झालं असणार. वरचे आणि खालचे यांच्यामध्ये जातीची रेघ कुठे ओढायची, हे मला अजून सांगता येत नाही. पण ते दोन मासे फुकट गेले, हे मात्र मी कधी मान्य केलं नाही. हिरड्यांच्या रानात घागर खाली ठेवून उभी असलेली ती बाई मी बघितली होती. तो तिसरा मासा घागरीत होता, हे तेव्हा तिला कुठे माहीत होतं? उरलेला चढ ती माझ्या दोन माशांच्या भरवशावर चढली.