मामांना न उलगडलेलं भूत

भूत पाहायला माझ्या थोरल्या मामांइतका आसुसलेला माणूस सोलापुरात झाला नसेल, आणि भुतांनी इतका टाळलेलाही. भवानी पेठेत त्यांचं सुताचं दुकान होतं. पण कुठं हडळ दिसली, कुणाच्या घरावर दगड पडू लागले, की दुकान मामीवर सोपवून मामा सायकलवर टांग टाकत. जात मात्र भर दुपारी, कारण रात्री जेवण झालं की त्यांचे डोळे मिटू लागत. "दुपारी तोंड दाखवायला लाजतं ते भूत कसलं?" असं म्हणत. चौकशी मराठी, कन्नड आणि तेलुगू अशा तिन्ही भाषांत करत. सोलापूरचं भूत घरात काय बोलत असेल, याचा नेम नाही. एकदा बंद कारखान्यात काही खडखडलं म्हणून त्यांनी अदबीनं "या, बसा" म्हटलं, तर पोत्यांमागून शेळी निघाली. त्या दिवशी मामा जेवले नाहीत.

पुढं भुतांमागची सोंगं उघडी पाडणारे म्हणून त्यांना मुंबईच्या टेलिव्हिजनवर बोलावू लागले. सोलापुरात तेव्हा टीव्ही नव्हता. त्यामुळं त्यांचे कार्यक्रम पेठेत कुणीच पाहिले नव्हते आणि वाखाणत मात्र सगळेच होते. परत आल्यावर मामा कोट न उतरवता खिडकीच्या चौकटीत उभे राहून अख्खा कार्यक्रम मामीला करून दाखवत.

एकदा वळसंगच्या एका शेतकऱ्याच्या सुनेच्या अंगात येऊ लागलं. सासू तिला देवऋष्याकडं नेऊन चाबकानं झोडून घेणार होती. माझ्या शाळेला सुट्टी होती, म्हणून मीही मामांबरोबर एसटीनं गेले. मामांनी मला तेवढं ठेवून बाकी सगळ्यांना बाहेर काढलं आणि तिन्ही भाषांत भुताचं नाव विचारलं. पोरगी जरा वेळ घुमली. मग मामांचा गंभीर चेहरा बघून तिला हसू फुटलं, आणि हसता हसता ती रडायलाच लागली.

"अंगात काय न्हाय वो, मामा. आईला बगून दोन वरसं झाली. धाडतच न्हाईत की."

असली सोंगं चारचौघांत उघडी पाडणं हा तर मामांचा धर्म. पण खरं सांगितलं असतं, तर त्या पोरीची धडगत नव्हती. मामा घाम पुसत बाहेर आले आणि सासूला म्हणाले, "लई जुनं हाय, आक्का. माज्यानं निघायचं न्हाय. मारलं तर मारणाऱ्याच्याच अंगात शिरंल. पोरीला म्हैनाभर म्हायेरी धाडा. दर वर्साला."

आक्कांनी हात जोडले.

त्यांच्या पुढच्या कार्यक्रमाच्या वेळी मी मुंबईत नातेवाइकांच्या टीव्हीसमोर बसले होते. एखादं भूत उलगडलंच नाही, असं कधी झालं का, असं निवेदकानं विचारलं. एरवी छाती फुगवून "एकही नाही" म्हणणारे मामा कोटाचं बटण चाचपत राहिले.

"एक आहे. वळसंगचं. तिथं आमची विद्या हरली."

"म्हणजे असतात तर," माझ्या शेजारी कुणीतरी म्हणालं.

मामा जाऊन आता बरीच वर्षं झाली. त्या सुनेची आईही आता नसेल. तरी वळसंगची एसटी दिसली, की मी खिडक्यांतून डोकावते. माहेरी निघालेली कुणी बसलेली दिसते का, ते बघते.