सर्व्हरची वायर कुणी काढली?

भुताखेतांचे किस्से सुरू झाले की चहाचा कप घेऊन उठणारा माणूस मी. हे लिहिताना माझी मलाच लाज वाटतेय… पण लिहितो.

म्हैसूरला, बेळगोळच्या रस्त्यावरच्या एका छोट्या हॉस्पिटलचं आयटी मी बघतो. लॅबचा सर्व्हर अगदी म्हातारा. त्याच्या ऑपरेटिंग सिस्टिमचे अपडेट्स कधीच बंद झालेत आणि लॅबचं सॉफ्टवेअर नव्यावर चालत नाही. सगळी भिस्त एका अँटीव्हायरसवर — पडक्या घराला नवं कुलूप!

आधी हा सर्व्हर नागोजीराव सांभाळायचे. इथल्याच जुन्या मराठी घरातले, बोलण्यात कन्नड मिसळलेलं. आयुधपूजेला, म्हणजे आपल्या खंडेनवमीला, ते सर्व्हरला कुंकू लावत, नेटवर्कची वायर काढून गुंडाळत आणि शेवंतीच्या माळेच्या दोऱ्याने बांधून वर ठेवत. मी हसलो की म्हणत, "वर्षभर राबतो नी तो? आज थोडा वेळ सुम्मे, निवांत राहू दे. बिडू, सोड त्याला!"

यंदा श्रावणात ते गेले.

आयुधपूजेच्या सकाळी त्यांच्या पत्नी सुंदराकाकू आमच्याच आयसीयूत होत्या. किडन्या निकामी, पोटॅशियम वाढलेलं. रक्ताच्या रिपोर्टवर पुढचे उपचार ठरणार होते. मला बघून म्हणाल्या, "नोडू बाळ, यंदा वायर काढू नको. माझा रिपोर्ट त्यातनंच यायचाय, आय्ता?"

"नाही काढत, काकू."

नुसतं कुंकू लावलं, वायर जागेवर असल्याची खात्री केली आणि खोलीला कुलूप घातलं. किल्ली एकच, माझ्या खिशात.

दुपारी हॉस्पिटलचे कॉम्प्युटर एकामागोमाग गेले. फायली कुलूपबंद करून खंडणी मागणारा व्हायरस… नव्या मशीनवरच्या अँटीव्हायरसलाही तो ओळखू आला नाही. मग म्हाताऱ्याचं काय होणार? मी धावत जाऊन खोली उघडली.

सर्व्हर ठणठणीत चालू होता. वायर निघालेली. नीट गुंडाळून, शेवंतीच्या दोऱ्याने बांधून वर ठेवलेली.

यंदा मी माळ आणलीच नव्हती.

वायर नसल्याने व्हायरस तिथवर पोचलाच नाही. सगळ्या पेशंटची माहिती बचावली, सगळ्यांनी माझी पाठ थोपटली. पण काकूंचा रिपोर्टही तिथेच अडकलेला… व्हायरस येण्याआधीच तयार झालेला. आयसीयूतले लोक तो 'अजून आला नाही' म्हणून वाट बघत होते. मी आकडे कागदावर उतरवून धावलो, पण उशीर झाला होता; काकू गेल्या होत्या.

नंतर कॅमेरा तपासला. माझ्यानंतर त्या खोलीत कुणीही गेलेलं नाही. लोक म्हणतात, नागोजीरावांनी हॉस्पिटल वाचवलं. असेल. मग काकू? त्या आयसीयूत आहेत हे नागोजीरावांना ठाऊक नव्हतं… की ठाऊक होतं, म्हणूनच?

उत्तर अजून सापडलेलं नाही. वायर काढणार नाही, असा मी काकूंना शब्द दिला होता. मी ती काढली नाही, एवढंच मला माहीत आहे.