बटईचा पिक्चर

“बंद करा! बंद करा थो कॅमेरा! अबे, हा मेकॅनिक नाई होये, हा ठाणेदार होये!”

हा आवाज एवढा मोठा होता, की हायवेवरून हैदराबादकडे निघालेल्या एका कंटेनरवाल्याने त्यातला फक्त ‘ठाणेदार’ एवढाच शब्द ऐकला, गाडी बाजूला घेतली आणि कागदपत्रांची पिशवी काखेत मारून खाली उतरला. माझ्या गोष्टीत मीठ जरा जास्त असतं, हे मला ओळखणारे जाणतात. पण कंटेनरवाला खरा आहे. त्याला आम्ही चहा पाजून परत पाठवला.

मी त्या वेळी एका जुन्या ट्रकच्या बॉनेटखाली कमरेपर्यंत वाकलेला होतो. हातात लांब पेचकस, म्हणजे स्क्रूड्रायव्हर. त्याचं टोक इंजिनावर टेकवायचं, मूठ कानाला लावायची आणि आत काय बिघडलंय ते ऐकायचं, ही जुन्या मेकॅनिकांची पद्धत. आमचा पिक्चर त्यावरच होता. इंजिनाचं दुखणं कानाने ओळखणारा एक म्हातारा मेकॅनिक, त्याला हळूहळू ऐकू येईनासं होतं, आणि तो ते सगळ्यांपासून लपवतो. तो म्हातारा म्हणजे मी. पंचवीस वर्षं नट म्हणून काढल्यावर मला मिळालेली ही पहिली मुख्य भूमिका. मिळालेली म्हणजे मीच मला दिलेली, कारण निर्माताही मीच होतो.

खरं तर अर्धाच निर्माता. दुसरा अर्धा तो ओरडणारा. पांढरकवड्याच्या बाहेर हायवेला लागून ज्याचं गॅरेज आहे आणि येणारे-जाणारे सगळे ड्रायव्हर ज्याला चाचा म्हणतात, तो सत्तरीचा माणूस. गॅरेज त्याचं, ट्रक त्याचा आणि पिक्चरचा अर्धा पैसाही त्याचा. तो सरळ कॅमेऱ्यासमोर येऊन उभा राहिला आणि माझ्याकडे बोट दाखवत युनिटला म्हणाला, “पेचकस कसा धरला पाहा यानं! वायरलेसवर बोलून राह्यला लेकाचा!”

युनिट हसलं. रिफ्लेक्टर धरणारा तर इतका हसला, की ऊन माझ्या चेहऱ्यावरून घसरून शेजारच्या टायरवर गेलं. मला हसता आलं नाही, कारण चाचा बोलला ते अगदी अचूक होतं.

मुंबईत मी जन्मभर इन्स्पेक्टर होतो. मालिकांमध्ये, जाहिरातींमध्ये, दुसऱ्याच्या पिक्चरमध्ये. दार ठोठावायचं, ‘साहेब, बॉडी सापडली’ म्हणायचं, निघायचं. इन्स्पेक्टर नसलो की मी बॉडी असायचो. एका आठवड्यात तर तीन वाहिन्यांवर मेलो. घाटंजीच्या माझ्या मावशीने तिसऱ्या वेळी सुतक पाळायला साफ नकार दिला. खाकी माझ्या अंगात अशी मुरली होती, की भाजी घ्यायला गेलो तरी हातगाडीवाले आपोआप गाडी पुढे ढकलायचे. मग पन्नाशी आली आणि फोन यायचे बंद झाले. तेव्हा समजलं, की फोनची वाट पाहणं हाच माझा खरा धंदा होता, अभिनय आपला जोडधंदा.

त्याच सुमारास गावाकडे येताना पांढरकवड्यापाशी माझी गाडी बंद पडली. चाचाने पेचकस कानाला लावला, डोळे मिटले, आणि तो ऐकत राहिला. त्या पाच मिनिटांत मला पिक्चर दिसला. म्हातारा दिसला, आणि त्या म्हाताऱ्याच्या जागी अर्थातच मी दिसलो. परत जाऊन मुंबईतली खोली विकली आणि पैसे गोळा करायला यवतमाळ जिल्हा पालथा घातला.

कापसाच्या व्यापाऱ्याने विचारलं, “हिरोईन कोन हाये?” मी म्हटलं, हिरोईन नाही, ट्रक आहे. त्याने अर्धा कप चहा तसाच ठेवला. कृषी केंद्रवाल्याने विचारलं, “याले सबसिडी किती भेटते?” एका ठेकेदाराला गोष्ट आवडली, फक्त त्यात त्याच्या भाच्याचं लग्न आणि वरात जशीच्या तशी घालायची होती, कारण व्हिडिओवाल्याचे पैसे वाचले असते. तीन महिने मी लोकांना समजावत होतो, की पिक्चरमध्ये पैसे घालणं म्हणजे काय. मलाही ते नीट माहीत नव्हतं. इन्स्पेक्टरला तपासाचं काहीच माहीत नसतं, तसंच.

शेवटी चाचाकडे गेलो. हायवे रुंद झाला तेव्हा त्याच्या जागेची एक पट्टी रस्त्यात गेली होती, आणि तिच्या भरपाईचा पैसा बँकेत पडून होता. त्याचं झरीकडे थोडं कोरडवाहू शेत आहे, ते तो दरवर्षी दुसऱ्याला कसायला देतो. मला एकदम शब्द सुचला. म्हटलं, “चाचा, हे बटई समजा. शेत तुमचं, मेहनत माही, पीक अर्धं-अर्धं.”

“अस्सं होय? मंग एवढे दिवस लोकायले काय सांगत फिरत होता?” तो म्हणाला आणि एका मिनिटात तयार झाला.

मी स्वतःवर इतका खूश होतो, की परतीच्या वाटेवर दोन ट्रकवाल्यांना थांबवून मी बटईचा सिनेमा ही कल्पना समजावून सांगितली. शब्द सापडला याचा आनंद होता. त्या शब्दाच्या पोटात काय काय असतं, ते शूटिंगच्या नवव्या दिवशी, बॉनेटखाली वाकलेला असताना कळलं.

“हिरो, बाहेर ये,” चाचा म्हणाला. मी आलो. “बटईत ढीग किती पडते?”

“दोन.”

“एक मालकाचा, एक बटईवाल्याचा. बरोबर? पिक्चरचेबी दोनच होते. इंटरवलच्या आंधी एक, इंटरवलच्या मंग एक. पयला ढीग माहा. माह्या ढिगात तू दिसला नाई पाह्यजे. तुह्या ढिगात तुले जे नाचाचं ते नाच.”

पुन्हा हशा. मी म्हटलं, “चाचा, पिक्चर असा कापता येत नाई.”

“सोयाबीन वाटता येते, तूर वाटता येते, मंग पिक्चरनं काय घोडं मारलं?”

“अहो, इंटरवलनंतर म्हाताऱ्याचं तोंडच बदललं तर लोक काय म्हनतीन?”

“म्हनतीन, आंधीचा बरा होता.”

यावर हसू आवरलं नाही असा तिथे एकच माणूस होता, तो म्हणजे सगळे. आणि न हसलेलाही एकच माणूस होता, आमची दिग्दर्शिका. घाटंजीचीच मुलगी, तिशीतली, पुण्याला सिनेमा शिकून आलेली, तिचा पहिला पिक्चर. चाचाला कॅमेऱ्यासमोरून हटवणं तिचं काम होतं. ती मॉनिटरवर नसलेली धूळ रुमालाने पुसत होती. मला दादा म्हणायची, माझ्या पैशाने काम करत होती आणि तिला खोटं बोलता येत नव्हतं, म्हणून ती पुसतच राहिली.

मी जेवणाची सुट्टी जाहीर केली. तो अधिकार निर्मात्याला असतो, हे तेव्हाच लक्षात आलं. मग तिला म्हटलं, “आतापर्यंतचं सगळं दाखव.”

गॅरेजचं शटर खाली ओढलं, टायरवर लॅपटॉप ठेवला. मे महिन्यात पांढरकवड्याला पत्र्याखाली बसणं म्हणजे काय, ते सांगायला जावं तर शब्द वितळतात. तिथे बसून मी माझं नऊ दिवसांचं काम पाहिलं. म्हातारा उठायचा, तो रेड घालायला उठायचा. पाणी प्यायचा, ते जबानी घेता घेता प्यायचा. चेहऱ्यावर दुःख आणायचो ते इतकं स्वच्छ दिसत होतं, की दुःख कुठून आणलं आणि कोणत्या भुवईखाली ठेवलं, हेही सांगता आलं असतं. वाईट नट असतो तर बरं झालं असतं. मी वाईट नव्हतो. मी ओळखीचा होतो. पंचवीस वर्षं लोकांनी मला ओळखावं म्हणून धडपडलो, आणि आता कोणी ओळखू नये अशी गरज असताना प्रत्येक कोपऱ्यातून मीच डोकावत होतो.

एक क्लिप संपली आणि दुसरी आपोआप सुरू झाली. ती शूटिंगची नव्हती. दुसऱ्या दिवशी चाचा मला पेचकस धरायला शिकवत होता, तेव्हा कॅमेरा चालू राहिला होता. चाचाने इंजिनावर टोक टेकवलं. त्याचा खालचा ओठ किंचित सुटला. डोळे मिटलेले नव्हते, पण कशाकडे पाहतही नव्हते. असा चेहरा मी फक्त प्रार्थनेत बसलेल्या माणसांचा आणि झोपलेल्या लेकराकडे वाकून श्वास ऐकणाऱ्या बायांचा पाहिला आहे. शेजारी मी उभा होतो, मान हलवत, समजल्याचा अभिनय करत. त्या चौकटीत कोणी मला पाहिलं नसतं. मीसुद्धा मला पाहिलं नाही.

ती क्लिप वेगळ्या फोल्डरमध्ये होती. कोणी तरी ती जपून ठेवली होती. मी दिग्दर्शिकेकडे पाहिलं, तिने लॅपटॉपच्या पडद्याकडे पाहिलं. सात दिवस तिला माहीत होतं.

मनात एकच हिशेब चालू होता आणि तो पैशाचा नव्हता. ही भूमिका सोडली तर दुसरी येणार नाही. खोली एकच होती, ती विकली. नट म्हणून माझा शेवटचा चेहरा मग तो कुठल्या तरी मालिकेतला, पांढऱ्या चादरीखालचा. आणि सोडली नाही, तर चाचाचा तो चेहरा फोल्डरमध्ये पडून राहणार, आणि तो तिथे आहे हे मला कायम माहीत असणार.

शटर वर केलं. चाचा बाहेर रॉकेलने हात धूत होता.

“चाचा, म्हातारा तुमीच करा.”

“कोनता म्हातारा?”

“पिक्चरमधला.”

त्याने हात धुणं थांबवलं. “येडा झाला का बे? मी कायले? मी म्हनलो, दुसरा आना. मुंबईवून आना एखादा.”

“मुंबईवून आनलेलाच उभा हाये तुमच्यासमोर.”

“मले डायलॉग येत नाई.”

“डायलॉग कापतो.”

“जुम्म्याच्या दिवशी मी दुपारी येनार नाई.”

“जुम्म्याला दुपारी शूटिंग बंद.”

तो विचारात पडला. मला वाटलं, आता मानधन मागेल. पण त्याची अडचण वेगळीच होती. “पन मंग मेहनत माही झाली ना? बटई उलटी झाली. आता मालक तू. मंग तू धुऱ्यावर उभा राह्य. मधात बोलू नको.”

धुरा म्हणजे शेताचा बांध. बटईने शेत दिलेला मालक धुऱ्यावर येऊन उभा राहतो. दुसऱ्याच्या हातातलं वखर आपलं शेत उलथताना पाहतो. निर्माता व्हायला मी खोली विकली, जिल्हा फिरलो, करार केले, आणि त्यातलं काहीच निर्माता होणं नव्हतं. तो झालो ते गॅरेजच्या पत्र्याच्या सावलीत, त्या एका वाक्याला मान हलवली तेव्हा. या वेळी मान हलवण्यात अभिनय नव्हता, असं मला वाटतं. खात्री कशी देणार? सवय फार जुनी आहे.

पण असं काही घडल्यावर गप्प बसणं माझ्या रक्तात नाही. मी दिग्दर्शिकेकडे गेलो आणि भाषण केलं. म्हटलं, पंचवीस वर्षं ज्या एका भूमिकेसाठी जगलो, ती मी आज स्वतःच्या हाताने सोडतोय. म्हटलं, कलेपुढे नट मोठा नसतो. आवाज मध्ये भरून आला, तो मी येऊ दिला. हायवेवरचे ट्रकसुद्धा त्या वेळी हळू झाले होते, हे मी शपथेवर सांगेन. शेवटी दोन्ही हात पसरून म्हटलं, “आजपासून मी नट नाही.”

तिने डोळे वर केले, हातातल्या कागदावर काही तरी खोडलं आणि म्हणाली, “बरं दादा. मग उद्या सकाळी सहाला युनिटचा नाश्ता तुम्ही बघाल.”