ठेवून घेतलेला बॅक

ज्याला मैदानात उतरवायचं नाही आणि दुसऱ्या संघातही जाऊ द्यायचं नाही, अशा खेळाडूला तुम्ही काय म्हणाल? रणजितदादा त्याला ‘ठेवून घेतलेला बॅक’ म्हणायचा.

दादा कोल्हापूरचा, तरुणपणी पेठेच्या फुटबॉल संघात बॅक, म्हणजे बचावपटू, म्हणून खेळलेला. म्युनिकमध्ये आम्ही एकाच कंपनीत होतो. ती मोटार कारखान्यांना इंजिनियर पुरवायची. तिथल्या जुन्या बाजारात त्याला सिगारेटच्या पाकिटातलं एक चित्र मिळालं होतं. शंभर वर्षांपूर्वीचा इंग्लिश बॅक, जाड मिशा, हाताची घडी. दादाने जुनी वर्तमानपत्रं चाळून त्या माणसाची कारकीर्द जमवली आणि रोज जेवताना आम्हाला थोडी थोडी सांगितली.

“खाणीतनं आलेला गडी. भिजला की बॉल म्हंजे धोंडा, त्यो डोक्यानं परतवायचा. धा वर्षं एकच क्लब. पण पेपरात नाव गोल मारणाऱ्याचं!”

पुढे खेळाडूंनी संघटना काढली. हा तिची वर्गणी गोळा करू लागला आणि क्लबने त्याला बाहेर बसवलं. दुसऱ्या क्लबने मागितला, तर सोडला नाही. नाव रजिस्टरवर ठेवलं, पगार बंद केला. गडी पुन्हा खाणीत.

“बाकीचे खेळाडू काय करत होते?” मी चिडून विचारलं.

“जेवत हुते,” दादा आमच्या डब्यांकडे बघत म्हणाला.

आमच्या कंपनीत दिवसाचं दहा तासांवरचं काम हजेरीचं यंत्र नोंदवायचंच नाही. काम व्हायचं, तास गायब. दादाने ठरवलं, बेट्रीब्सराट आणायचं, म्हणजे कर्मचाऱ्यांनी निवडलेली समिती. निवडणुकीची सभा बोलवायला तिघांच्या सह्या लागतात. एक त्याची, दुसरी पेट्रा नावाच्या बव्हेरियन बाईची. “आल्झो, मग तिसरं कोण?” ती रोज विचारायची.

दादा माझ्याकडे आला. “बाबांच्या युनियनची पत्रकं चिकटवत वाढलीस म्हणतीस. कर सही.”

“दादा, माझा व्हिसा या नोकरीवर आहे.”

“आणि माझा काय दगडावर कोरलाय?”

“विचार करून सांगते,” मी म्हणाले.

मी विचारच करत राहिले. इतर मराठी सहकाऱ्यांनी तर तेवढंही केलं नाही. आठवड्याभरात साहेबाच्या कानावर गेलं. दादाला प्रोजेक्टवरून काढून प्रिंटरशेजारी बसवलं. काम नाही, मीटिंग नाही. एका कारखान्याने त्याला कायमचं मागितलं. कारखान्याने आमची माणसं परस्पर घ्यायची नाहीत, या करारातल्या कलमावर बोट ठेवून साहेबाने नाही म्हटलं. आठ महिने तो सकाळी वेळेवर यायचा, इस्त्रीच्या शर्टात, आणि रिकाम्या पडद्यासमोर बसायचा. आम्ही जेवायला दुसऱ्या टेबलावर जाऊ लागलो. त्याच दिवसांत मी कामगारांच्या हक्कांवर एक जळजळीत लेख लिहिला. दादाने तो वाचला. “झकास लिवलंयस,” एवढंच म्हणाला.

त्याचा करार मुदतीचा होता. मुदत संपली, पुन्हा केला नाही. तोवर त्या कारखान्याने दुसरा माणूस घेतला होता. नवी नोकरी शोधायला व्हिसावर सरकारने दिलेले महिनेही सरले.

कोल्हापूरला परत निघालेल्या दादाच्या निरोपाला मी स्टेशनवर गेले. वहिनींनी माझ्याकडे पाठ फिरवली. त्यांची मुलगी जर्मनमधून रडत होती, शाळा सोडायची नाही म्हणत होती. दादा तिला मराठीतून समजावत होता.

“रागावलास?” मी विचारलं.

“न्हाई गं. बॅकनं फॉरवर्डला अडवायचं असतंय, ते मी केलं. एकदा मागं वळून बगितलं, सोबतीला कोन हाय का. पेट्रा सोडली तर कुनी नव्हतं.”

विमानतळाची गाडी आली. त्याने बॅगा स्वतःच चढवल्या. मला हात लावू दिला नाही.

ती समिती आमच्या कंपनीत आजही नाही. मी अजून तिथेच आहे, आता कायमची. तुमच्या कचेरीत कुणी दोन सह्यांचा कागद घेऊन तुमच्यापाशी आलं, तर वेळ मागू नका. तो माणूस समोर उभा असतानाच सही करा.